मिरर न्यूरॉनमुळेच आपल्याला दुसऱ्याचं दुःख कळतं का?

दुसऱ्याला लागलं की आपण कळवळतो आणि मुलं बघून बघून शिकतात, ते मेंदूतल्या ‘मिरर न्यूरॉन’ नावाच्या पेशींमुळेच का, असं तुम्ही विचारलंय. मी मेंदूतज्ज्ञ नाही, हौसेने वाचणारी आहे. माझं मत असं की त्या पेशी खऱ्या आहेत, पण त्यांच्या नावावर खपवलेलं बरंचसं कच्चं आहे.

शोध माकडांवरचा. इटलीत पार्मा विद्यापीठात जाकोमो रिझोलाती आणि सहकारी मकाक माकडांच्या मेंदूतल्या, हाताच्या हालचाली ठरवणाऱ्या भागातल्या एकेका पेशीची नोंद घेत होते. त्यातल्या काही पेशी माकडाने स्वतः वस्तू उचलली की चेतायच्या, आणि समोरच्या माणसाने उचललेली नुसती पाहिली तरी चेतायच्या. त्याच या मिरर, म्हणजे आरसा न्यूरॉन. हे १९९२ साली प्रसिद्ध झालं. १९९६ च्या निबंधात ५३२ पेशींपैकी अशा ९२ निघाल्या, म्हणजे साधारण सहातली एक. पुढे २००२ मध्ये तर शेंग फोडल्याचा नुसता आवाज ऐकूनही चेतणाऱ्या पेशी सापडल्या. हे सगळं मला आजही भन्नाट वाटतं.

मग गाडी रुळावरून घसरली. जीवशास्त्रात डीएनएने जे केलं ते मानसशास्त्रात मिरर न्यूरॉन करतील, असं मेंदूशास्त्रज्ञ व्ही. एस. रामचंद्रन यांनी २००० साली लिहिलं. पुढे त्यांनी या पेशींना ‘गांधी न्यूरॉन’ही म्हटलं. नाव इतकं गोड की कोण शंका घेणार? पण गंमत बघा, ज्या मकाकांमध्ये त्या सापडल्या, ते नक्कल करण्यात यथातथाच असतात. नुसत्या या पेशी असून शिकता आलं असतं, तर त्यांनी आपल्याला मागे टाकलं असतं.

दुःखाचं म्हणाल, तर लंडनमध्ये २००४ साली तानिया सिंगर यांनी १६ बायकांना स्कॅनरमध्ये झोपवून, शेजारी जोडीदार बसवून प्रयोग केला. विजेचा झटका कधी तिच्या हाताला, कधी त्याच्या. वेदनेचा ‘नकोसेपणा’ सांभाळणारे भाग दोन्ही वेळा जागे झाले. झटका नेमका कुठे बसला ते टिपणारे भाग मात्र तिला स्वतःला बसला तेव्हाच. आणि हे भाग माकडाच्या त्या हाताच्या भागाहून वेगळेच आहेत. शिवाय स्कॅनरला एकेक पेशी दिसत नाही.

दुसऱ्याची हालचाल आपल्यात उमटणं वेगळं आणि त्याचं दुःख कळणं वेगळं, हा फरक मला नीट कळला तो कुंभार्ली घाटात. नवरा गाडी चालवत होता, मी शेजारी, आई मागे. वळणावर समोरून एसटी आली की माझा उजवा पाय खालच्या रबरी मॅटवर गच्च दाबला जायचा, ब्रेक तिथेच असल्यासारखा. गाडी शिकण्याआधी याच घाटातून कितीदा गेले असेन, पाय कधी हलला नव्हता. आईला गाडी येत नाही. तिचे पाय निवांत, तोंडाने रामरक्षा. पण पुढे एक दुचाकीवाला घसरला, तेव्हा “अगं बाई, लागलं असेल रे त्याला, थांबव आधी” म्हणून ओरडली ती आईच. मी अजून ब्रेकच दाबत होते.

माझा पाय मिरर न्यूरॉननेच हलला असा माझा दावा नाही. पण २००५ च्या एका अभ्यासात बॅले आणि कापुएरा (ब्राझीलचा नाचासारखा युद्धप्रकार) करणाऱ्यांना दोन्ही नाच दाखवले, तेव्हा ज्याचा त्याचा मेंदू आपल्या सरावातला नाच पाहताना जास्त जागा झाला. मानसशास्त्रज्ञ सिसिलिया हेज तर म्हणतात की या पेशींचा आरसेपणा अनुभवातूनच घडतो: स्वतः करणं आणि ते होताना पाहणं सतत एकत्र घडत गेलं की जोडणी पक्की होते.

आणि हो, ‘मिरर न्यूरॉन बिघडल्यामुळे ऑटिझम होतो’ असं कुणी सांगून क्लासची फी मागत असेल तर देऊ नका. त्या कल्पनेला भक्कम पुरावा मिळालेला नाही.

घरात तान्हं बाळ असेल तर एक दिवस नुसतं बघा, कोण कुणाची नक्कल करतंय. आमच्याकडे भाची ओठांचा चंबू करायची आणि पाठोपाठ आजीपासून शेजारच्या काकांपर्यंत सगळे चंबू करून बसायचे.