‘मग सोड आणि ये परत’

मी रत्नागिरीत समुपदेशक आहे. बारावीच्या निकालानंतर माझ्याकडे येणारे पालक एक प्रश्न हमखास विचारतात : मुलीला सिनेमाच्या कॅमेऱ्यामागे काम करायचे आहे, त्यात पोट भरते का, आणि मुलीच्या जातीला ते सुरक्षित आहे का? पहिल्या भागाचे उत्तर सोपे आहे. बी. आर. विजयालक्ष्मी यांनी १९८५ मध्येच तमिळ चित्रपटाचे स्वतंत्र छायाचित्रण केले, ‘कुट्टी स्रांक’ या मल्याळम चित्रपटासाठी अंजुली शुक्ला यांना छायाचित्रणाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि २०१७ पासून देशातील छायाचित्रकार स्त्रियांची स्वतःची संघटनाही आहे. मात्र त्याआधी सहायकाची बरीच वर्षे काढावी लागतात आणि दोन कामांच्या मध्ये रिकामे महिने येतात, हे मी लपवत नाही.

दुसरा भाग अवघड. गुहागरकडचे एक आंबा बागायतदार मुंबईत कॅमेरा सहायक असलेल्या लेकीला घेऊन आले (ओळख पटू नये म्हणून तपशील बदलले आहेत). “मॅडम, हिला जरा समजवा,” एवढीच त्यांची मागणी होती. मी मुलीला विचारले, “कामातली शेवटची अडचण घरी केव्हा सांगितलीस?”

“सांगतच नाही. सांगितली की बाबा म्हणतात, मग सोड आणि ये परत.”

पुढे एका बैठकीत वडिलांसमोर तिने सांगितले, की एकदा चित्रीकरण मध्यरात्रीनंतर संपले, गाडी दिली गेली नाही, आणि पहिली लोकल येईपर्यंत ती फलाटावर एकटी बसून राहिली.

“फोन का नाही केलास?”

“केला असता, तर तुम्ही काय म्हणाला असता?”

बराच वेळ ते काही बोलले नाहीत. मीही मध्ये पडले नाही; अशा शांततेत समुपदेशकाने तोंड उघडू नये, असे माझे ठाम मत आहे. लेक सुखरूप असावी ही इच्छा रास्तच, पण ‘धोका असताच कामा नये’ हा हट्ट झाला, आणि त्या हट्टापायीच धोक्याची बातमी घरापर्यंत पोहोचत नव्हती. हे त्यांचे त्यांनाच उमगले, याचे मला समाधान आहे.

म्हणून पालकांना मी सांगते, की ‘जमेल का?’ यापेक्षा ‘रात्रीची गाडी कोण देणार, राहायची सोय कोणाबरोबर, पैसे केव्हा?’ असे विचारावे, आणि उत्तर ऐकून लगेच निकाल देऊ नये. लैंगिक छळाविरुद्धच्या २०१३ च्या कायद्यानुसार दहा किंवा अधिक माणसे काम करतात तिथे अंतर्गत समिती असावी लागते, त्याहून लहान ठिकाणांसाठी जिल्ह्याची स्थानिक समिती असते. हेही पालक आणि मुलगी दोघांना ठाऊक असावे.

अलीकडे तिचे मानधन थकले, तेव्हा तिने ते घरी सांगितले. वाशीच्या घाऊक बाजारातल्या दलालांकडून पट्टी, म्हणजे विकलेल्या आंब्याचे पैसे, वसूल करण्यात वडिलांची हयात गेलेली. ते म्हणाले, “पुढचं काम धरण्याआधी बाकी लिहून घे, तारखेसकट.”