हुंदक्यावर कट मारण्याआधी

प्रिय,

तुझ्या माहितीपटाचा रफ कट, म्हणजे पहिली कच्ची जुळणी, पाहिला. त्या बाईंची मुलाखत छान बांधली आहेस, पण एका जागी मला टाइमलाइन थांबवावी लागली. त्या "मला नीट आठवत नाही" म्हणतात आणि लगेच त्यांच्या बोटांचा चाळा दिसतो. टाइमकोड (फुटेजवरचे वेळेचे आकडे) पाहिला, तर तो शॉट मुलाखतीआधीचा, त्यांना माइक लावत होते तेव्हाचा निघाला. बघणाऱ्याला मात्र वाटणार, बाई काहीतरी लपवताहेत.

सोव्हिएत दिग्दर्शक लेव्ह कुलेशोव्हनं हे शंभरेक वर्षांपूर्वीच दाखवून दिलं होतं. तोच निर्विकार चेहरा सूपाच्या वाडग्याशेजारी भुकेला वाटतो आणि शवपेटीशेजारी शोकाकुल. कथापटात ते चालून जातं, नट संध्याकाळी मेकअप उतरवून घरी जातो. या बाईंना उद्या त्याच गल्लीत राहायचंय.

कटअवेखाली, म्हणजे मध्येच घातलेल्या दुसऱ्या शॉटखाली, दोन वाक्यं सांधणं आपण रोज करतो. अडखळणं, तेच ते बोलणं खुशाल काढ. मात्र सांधलेलं वाक्य मूळ लेखी उताऱ्याशेजारी ठेवून वाच. "बहुतेक तोच होता" मधलं "बहुतेक" घाईत उडालं, की शंकेचा थेट आरोप होतो आणि तो त्यांच्या तोंडी जातो. प्रश्न कापलास तरी उत्तराचा रोख फिरू शकतो. आणि रडू फुटलं की लगेच कट मारायची सवय सोड. त्या चौदा सेकंदांच्या शांततेनंतर त्या डोळे पुसून जे वाक्य बोलतात, ते तुझ्या कटमध्ये नाहीच. माझ्या मते अख्ख्या मुलाखतीत तेच सर्वांत मोलाचं आहे.

ओळख लपवताना नुसता चेहरा ब्लर करून भागत नाही. आवाजाची पट्टी बदलली तरी ती पुन्हा मूळपदावर आणता येते. त्यापेक्षा शब्द दुसऱ्याच्या आवाजात घे आणि तसं पडद्यावर लिही. हलक्या पिक्सलेशनपेक्षा (चेहऱ्यावरच्या धूसर चौकोनांपेक्षा) सपाट काळा मास्क बरा. खिडकीबाहेरची पाटी, हातावरचं गोंदण, चालण्याची ढब, हे सगळं बोलतं. बहुतेक वेळा घात होतो तो शेवटच्या टप्प्यात: ट्रेलर वेगळ्या प्रोजेक्टमधून निघतो आणि मास्कचा ट्रॅक बंद राहतो, नाहीतर सबटायटलच्या फाइलमध्ये खरं नाव तसंच राहून जातं. म्हणून प्रत्येक एक्सपोर्ट पहिल्यापासून शेवटपर्यंत बघायचा, कितीही कंटाळा आला तरी.

हिंसेचं फुटेज पहिल्यांदा आवाज बंद करून, छोट्या खिडकीत, हवं तर कृष्णधवल करून बघ. लॉगमध्ये, म्हणजे फुटेजच्या नोंदींत, त्या क्लिपपुढे खूण कर, म्हणजे सहायकावर ती अचानक आदळणार नाही. झोपायच्या आधी तर नकोच.

बोटांच्या शॉटवरून दिग्दर्शकाशी वाजेल, त्यांना तो आवडलाय हे मला माहीत आहे. वाद घालण्यापेक्षा त्यांना मूळ क्लिप माइक लावण्यापासून सलग दाखव. पुढचा कट पाठवताना त्या मुलाखतीचा पूर्ण लेखी उतारा सोबत जोड, मी दोन्ही ताडून बघेन.