युद्ध न पाहिलेले मंत्री आणि बाबू सैन्यावर हुकूम का चालवतात?

तुमचा प्रश्न पूर्ण असा आहे: "ज्यांनी आयुष्यात बंदूक हातात धरली नाही असे मंत्री आणि बाबू सैन्यावर हुकूम का चालवतात? सैन्याला मोकळा हात दिला तर काय बिघडेल?"

मी त्या बाबूंपैकीच एक. संरक्षण खात्याच्या हिशेब-तपासणीत नोकरी झाली, आता निवृत्त आहे, पुण्यात असतो. तेव्हा उत्तर निःपक्षपाती असेल अशी अपेक्षा ठेवू नका. राष्ट्रपती हे सर्वोच्च सेनापती, घटनेचं कलम ५३, मंत्रिमंडळाचा सल्ला वगैरे नागरिकशास्त्रात झालेलं आहे, ते सोडून देतो.

मोकळा हात कशात हवा ते आधी ठरवा. लढाईत, की खरेदीत, की देश कुणाशी कधी लढणार ते ठरवण्यात? या तिन्हींची खिचडी केली की भांडण कधीच संपत नाही. आमच्या घरातलं तर इतक्या वर्षांत संपलेलं नाही, पण ते पुढे सांगतो.

नव्वदीच्या दशकातली गोष्ट. स्टेशनचं आणि युनिटचं नाव लिहीत नाही. तपासणीला आमची छोटी टीम युनिटमध्ये जायची. राशनचे लेजर, कपड्यांचे लेजर, गाड्यांची लॉगबुकं, लोकल पर्चेसच्या फाइली, असं सगळं बघायचं. त्या युनिटमध्ये डेझर्ट कूलर घेतले होते. एकाच आठवड्यात चार वेगवेगळ्या सप्लाय ऑर्डरी, पुरवठादार एकच, आणि प्रत्येक ऑर्डरची रक्कम कमांडिंग ऑफिसरच्या (युनिटप्रमुख, म्हणजेच सी.ओ.) अधिकाराच्या मर्यादेला जेमतेम शिवून खाली. एकत्र घेतले असते तर मंजुरीसाठी वरच्या फॉर्मेशनकडे, म्हणजे वरच्या लष्करी मुख्यालयाकडे, जावं लागलं असतं. ऑर्डर फोडणं म्हणतात त्याला, आणि या धंद्यात ही चलाखी इतकी जुनी आहे की नवा क्लार्कही पहिल्या महिन्यात ओळखतो.

मग कोटेशनं काढली. तीन दुकानं, तीन लेटरहेड, तीन रंगांच्या शाई. पण तिन्ही कागदांवर टाइप केलेलं इंग्रजी 'आर' हे अक्षर ओळीच्या वर उडालेलं. उजवा पाय तुटका, डोकं जरा तिरकं. एकाच मशीनवर बडवलेली कोटेशनं! मी भिंग वगैरे काही लावलं नव्हतं, तीन कागद नुसते शेजारी शेजारी ठेवले होते. युनिटचा हेडक्लार्क समोर बसला होता, त्याने पाहिलं आणि चहा मागवला.

त्यानंतर मी कूलर प्रत्यक्ष बघायचेत असं म्हटलं. लेजरमध्ये सगळे 'बराकीसाठी' असे चढवलेले. बराकीत गेलो तर तिथे छताचे पंखे, त्यातलाही एक बंद. उन्हाळ्यात पत्र्याखाली जवान झोपतात म्हणजे काय ते गेलेल्यालाच कळतं. कूलर सापडले अधिकाऱ्यांच्या घरांच्या खिडक्यांत.

संध्याकाळी सी.ओ. साहेबांनी बोलावलं. धिप्पाड माणूस, सियाचिनला राहून आलेला, छातीवर रिबिनींच्या ओळी. टेबलावर माझा ऑब्जेक्शनचा कागद होता. म्हणाले, "बाबूजी, आपने कभी गोली की आवाज सुनी है?" मी म्हटलं, नाही साहेब. खरंच ऐकली नव्हती. मग त्यांनी मला सियाचिनबद्दल सांगितलं, बोटं झडलेल्या पोरांबद्दल सांगितलं, आणि मी जागचा हललो नाही, कारण ते सगळं खरं होतं आणि त्याचा कूलरशी काही संबंध नव्हता. शेवटी त्यांनी कागद ओढला, 'पाहिलं' अशी सही केली आणि पेन असं आपटलं की टोपण खाली पडलं. दुसऱ्या दिवशी आमची जीप आली नाही. विचारलं तर 'वर्कशॉपला गेली'. राहिलेले दिवस आम्ही भरउन्हात गेटपासून ऑफिसपर्यंत चालत गेलो. गेटवर सेंट्री रोज ओळखपत्र बघायचा, रोज नव्याने. एक दिवस हळूच म्हणाला, "साहब, वो कूलर का कुछ होगा क्या?"

काही झालं नाही, हे सांगून टाकतो. ऑब्जेक्शन वर्षानुवर्षं थकबाकीत राहिलं, कागद इकडून तिकडे फिरले, ते साहेब बदलून गेले आणि त्यांच्या जागी आलेल्यांनी वरून कार्योत्तर, म्हणजे खर्च झाल्यावर दिलेली, मंजुरी आणून फाइल मिटवली. कुणाला शिक्षा नाही. पण तुमच्या प्रश्नाचं माझ्याकडचं उत्तर त्या सहीत आहे. त्या माणसाच्या हाताखाली शेकडो रायफली होत्या. माझ्याकडे लाल-निळी पेन्सिल. तरी त्यांनी शिव्या घालत का होईना, सही केली. आपल्याकडे लष्करावर मुलकी ताबा आहे तो असा, रोजच्या, कंटाळवाण्या, चिडचिडीच्या पातळीवर.

आता घरचं. माझे दाजी सुभेदार म्हणून निवृत्त झाले, सातारा जिल्ह्यातले, घरात तीन पिढ्या फौजी. गणपतीला सगळे जमलो की जेवणानंतर त्यांचं सुरू होतं: "तुम्हा बाबू लोकांनी जवानाच्या ताटातली भाकरी मोजली. आम्हाला मोकळं सोडलं असतं तर लाहोर घेतलं असतं." सगळे हसतात, बहीण मला गप्प राहा अशी खूण करते आणि मी गप्प राहतो. आज इथे बोलतो. दाजी, कूलर बराकीत नव्हते हो! हिशेब मागणारा माणूस तुमच्या ताटावर बसलेला नव्हता, तुमच्या ताटातलं कुणी पळवत असेल तर त्याच्यावर बसलेला होता. हे तुम्हाला माहीत आहे, कारण ग्रामपंचायतीत निवडून आल्यापासून ग्रामसेवकाकडे प्रत्येक बिलाची झेरॉक्स मागणारे गावात तुम्ही एकटे आहात.

आणि लाहोरचं म्हणाल तर १९६५ ला मोकळा हात दिला होता. तोही सैन्यात एक दिवस न काढलेल्या माणसाने, आणि तो माणूस आपल्याच कराडचा. १ सप्टेंबर १९६५ ला छांबमध्ये पाकिस्तानी रणगाडे घुसले. सेनाप्रमुख जनरल चौधरी आणि हवाईदलप्रमुख एअर मार्शल अर्जन सिंग दुपारी संरक्षणमंत्री यशवंतराव चव्हाणांकडे गेले आणि विमानं वापरायची परवानगी मागितली. विमानं लढाईत आणणं म्हणजे लढाई वाढवणं, साधा निर्णय नव्हता. चव्हाणांनी फाइल फिरवत ठेवली नाही, तिथल्या तिथे होकार दिला, आणि त्याच संध्याकाळी विमानं उडाली. ६ सप्टेंबरला फौजा लाहोरच्या दिशेने सीमेपार गेल्या. रणगाडे कुठल्या कालव्यावरून न्यायचे हे चव्हाणांनी सांगितलं नाही. न्यायचे की नाही हे मात्र सरकारने ठरवलं.

त्याच युद्धातली दुसरी गोष्ट दाजी कधी काढत नाहीत. युद्ध थांबवायचं का, असा प्रश्न आला तेव्हा दारूगोळा बराचसा संपलाय असं सेनाप्रमुखांनी शास्त्रीजींना सांगितलं. नंतर मोजदाद झाली तेव्हा आघाडीच्या दारूगोळ्यापैकी साधारण १४ टक्केच उडवला होता. हे सरकारी युद्ध-इतिहासातच आहे. मी आयुष्यभर लेजर तपासले म्हणून मला हे जास्त टोचतं: कोठारात काय शिल्लक आहे हे सेनापतीला माहीत नव्हतं आणि मंत्र्यांना उलटून विचारायची सोय नव्हती. युद्धात घेतलेली हाजीपीर खिंड ताश्कंदच्या करारात परत दिली म्हणून राजकारण्यांना शिव्या घालायच्या तर घाला, पण हा आकडाही जोडीला ठेवा.

मंत्र्यांनी नको तिथे हात घातला की काय होतं तेही सांगायला हवं, नाहीतर तुम्ही १९६२ तोंडावर माराल. तेव्हाचे संरक्षणमंत्री कृष्ण मेनन बढत्यांमध्ये ढवळाढवळ करायचे. १९५९ मध्ये सेनाप्रमुख जनरल थिमय्यांनी राजीनामा दिला, नेहरूंनी समजूत घालून तो मागे घ्यायला लावला आणि मग संसदेत त्यांनाच सुनावलं. ते वाईट झालं. पुढे जनरल कौलना ऐन ऑक्टोबर १९६२ मध्ये ईशान्येतल्या नव्या कोअरचं (सैन्याच्या मोठ्या तुकडीचं) नेतृत्व दिलं, आणि त्याच महिन्यात नेहरू पत्रकारांना सांगून मोकळे झाले की चिन्यांना हुसकावायचे हुकूम दिलेत. याला मी ताबा म्हणत नाही, ही लुडबूड होती. पण लुडबुडीवर उपाय म्हणून सैन्याला मोकाट सोडा, हे कुठलं तर्कशास्त्र? त्याच वर्षी नोव्हेंबरात मेननना जावं लागलं आणि चव्हाण आले. त्याच महिन्यात सेनाप्रमुख जनरल थापरही गेले, पण मंत्रीसुद्धा बदलता येतो, हे तेव्हा दिसलं.

मोकळं सोडल्यावर काय होतं ते बघायला फार लांब जायला नको. इंग्रजांच्या काळात हिंदुस्थानचा सरसेनापती हा व्हाइसरॉयच्या खालोखाल माणूस, त्याच्या कौन्सिलचा सभासद. दिल्लीतलं तीन मूर्ती भवन मुळात त्याचं घर. स्वातंत्र्यानंतर त्यात पंतप्रधान राहायला गेले, आणि १९५५ मध्ये सरसेनापती हे पदनामच काढून तिन्ही दलांना बरोबरीचे प्रमुख दिले. हा नेहरूंचा हिशेब पक्का होता. पाकिस्तानात उलट घडलं. १९५४ मध्ये अयुब खान वर्दीत, सरसेनापतीपदावर असतानाच संरक्षणमंत्री झाले. ज्याच्यावर देखरेख करायची तोच देखरेख करणारा. १९५८ च्या ऑक्टोबरात मार्शल लॉ आला, आणि तो लावणाऱ्या राष्ट्राध्यक्ष इस्कंदर मिर्झांनाच अयुबनी तीन आठवड्यांच्या आत पदावरून हटवलं आणि मग देशाबाहेर काढलं.

आपल्याकडे ३० डिसेंबर १९९८ ला नौदलप्रमुख ॲडमिरल विष्णू भागवतांना बडतर्फ केलं. उपप्रमुख म्हणून व्हाइस ॲडमिरल हरिंदर सिंग यांची नेमणूक मंत्रिमंडळाच्या समितीने ठरवली आणि भागवतांनी ती अमलात आणायला नकार दिला, हा वाद. पदावरच्या दलप्रमुखाला काढण्याची स्वतंत्र भारतातली ती पहिली वेळ. ज्या तऱ्हेने काढलं ते मला आजही पटत नाही, इतक्या मोठ्या अधिकाऱ्याची अशी बेअब्रू करायची नसते. पण नवे प्रमुख आले आणि नौदलाचं काम चालू राहिलं. शेजारच्या देशात त्या दिवशी रेडिओ स्टेशनवर रणगाडा उभा राहिला असता.

आता ज्या गोष्टी माझ्या बाजूला अडचणीच्या आहेत त्या. पहिली: मुलकी ताबा म्हणजे संसदेचा ताबा असायला हवा, आणि आपल्याकडे तो पुष्कळदा सचिवालयाचा होतो. संरक्षणाच्या मागण्या लोकसभेत कित्येक वर्षं चर्चेविना, गिलोटिनखाली (वेळ संपली की उरलेल्या मागण्या एकदम मताला टाकून) मंजूर झाल्या आहेत. खासदारांना हेलिकॉप्टर घोटाळ्यात रस असतो, लेजरमध्ये नाही. मग निर्णय फाइलवर कुजतात, आणि त्याबद्दल फौजी माणूस बाबूला शिव्या देतो तेव्हा तो खोटं बोलत नाही. २०२० पासून संरक्षणदल प्रमुख आणि त्यांच्या हाताखाली लष्करी व्यवहार विभाग आला, त्यात वर्दीतली माणसं मंत्रालयाच्या आत बसली. ते चांगलं झालं असं माझं मत आहे, माझ्या जुन्या सहकाऱ्यांचं नाही.

दुसरी, हिशेब बाबूच मागतात म्हणून बाबू धुतल्या तांदळासारखे, असं अजिबात नाही. कुलाब्याची ती घोटाळ्यात गाजलेली ३१ मजली आदर्श सोसायटी आठवा. तिथे वर्दीवाले, खादीवाले आणि फाइलवाले तिघेही एकाच जिन्याने वर गेले होते.

तिसरी गोष्ट जास्त गंभीर, आणि ती मी शेवटी लिहितोय याचा तुम्ही राग धरू शकता. पैशाच्या बाबतीत आपण सैन्याला विचारतो, जिवाच्या बाबतीत फार कमी विचारतो. अशांत भागासाठीच्या १९५८ च्या सशस्त्र दल विशेषाधिकार कायद्यात (अफ्स्पा) कलम ६ आहे: केंद्राच्या मंजुरीशिवाय जवान-अधिकाऱ्यावर खटला नाही. म्हणजे कूलरबद्दल कर्नलला एक ऑडिटर विचारू शकतो आणि मणिपूरमध्ये मेलेल्या पोराबद्दल त्याची आई कोर्टात जाऊ पाहते तर आधी दिल्लीची परवानगी हवी. त्या भागात नोकरी करणाऱ्यांच्या अडचणी दाजींनी मला सांगितल्यात, त्या खोट्या नाहीत. तरी हे मला पटत नाही.

सैन्य नागरी मदतीला येतं तेव्हा कोण कुणाचं ऐकतं, असं तुम्ही खाली प्रतिसादात विचारलंय. जमाव पांगवायला फौज हवी असेल तर ती मॅजिस्ट्रेटने मागावी लागते, जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत कलम १३० होतं, नव्यातही तशीच तरतूद आहे. ऑगस्ट १९८२ मध्ये मुंबईच्या पोलिसांनीच बंड केलं तेव्हा शहरात लष्कर आलं, काम झाल्यावर बराकीत परत गेलं. तेव्हा मुंबईत असलेल्या कुणाला तरी विचारा, ती माणसं अजून आहेत.

बाकी वाचायचं असेल तर संसदेच्या संरक्षणविषयक स्थायी समितीचे आणि महालेखापालांचे अहवाल फुकट मिळतात. भाषा रुक्ष आहे. मला देशद्रोही म्हणायचं असेल तर निदान एक तरी वाचून मग म्हणा, आणि दाजी, तुम्हीही. नातवाने तुम्हाला हे उत्तर दाखवलंच असेल.