तचांका : तो की ती?

एका वाचकाने विचारले आहे : "युक्रेनमधील शेतकरी अराजकवाद्यांवरील व्याख्यानात वक्ते 'माख्नोच्या माणसांनी तचांक्यावर मशीनगन बसवली' असे वारंवार म्हणत होते. तचांका म्हणजे त्या काळचा रणगाडा, आणि हा शब्द 'ताच्का', म्हणजे हातगाडी, यावरून आला, असेही त्यांनी सांगितले. हा शब्द पुल्लिंगी धरावा काय आणि ही व्युत्पत्ती ग्राह्य आहे काय?"

रणगाडा हा शब्द येथे ज्याने आणला त्याने तो परत न्यावा. रणगाड्याला पोलादी चिलखत असते आणि तो पट्ट्यांवर चालतो. तचांकेला चिलखत म्हणून साधा पत्राही नव्हता. ती स्प्रिंगांवर बसवलेली, चार चाकांची, उघडी, हलकी घोडागाडी होती आणि दक्षिण युक्रेनच्या गवताळ मुलखात जमीनदार व तेथे वसलेले जर्मन शेतकरी बाजारहाटाला आणि पाहुण्यांकडे जायला ती वापरत असत. 1917 च्या क्रांतीनंतरच्या रशियन यादवी युद्धात अराजकवादी पुढारी नेस्तोर माख्नो याच्या शेतकऱ्यांनी तिच्यात केलेला बदल एवढाच की मागे, जेथे घरधनी ऐसपैस बसायचा, तेथे त्यांनी मॅक्सिम मशीनगन ठेवली आणि तिची नळी मागे वळवली. पुढे घोडे, मागे नळी. हल्ला करायचा तर गाडीवान भरधाव जाऊन गाडी गर्रकन फिरवी, आणि माघार घ्यायची तर फिरवण्याचेही कारण उरत नसे, कारण पाठलाग करणारा आपसूकच नळीसमोर येई. स्वतःच्या चाकांच्या बैठकीसकट साठ किलोंहून जड असलेली ती तोफेसारखी बंदूक घोडदळाच्या वेगाने नेता आली, याचे श्रेय घोड्यांइतकेच त्या स्प्रिंगांना आहे.

वाचकाने सोबत पाठवलेल्या, त्या व्याख्यानाच्या जाहिरातीत या लोकांना 'अराजक माजवणारे शेतकरी' म्हटले आहे, तेही जाता जाता दुरुस्त केले पाहिजे. अराजक माजते ते बेबंदशाहीच्या अर्थाने. अराजकवादी मात्र शासनकर्त्यावाचून समाज आपला कारभार आपण चालवू शकतो असे मानणारा असतो. 1888 साली दक्षिण युक्रेनमधील हुल्याइपोले येथे गरीब शेतकरी कुटुंबात जन्मलेल्या माख्नोला 1910 मध्ये फाशीची शिक्षा झाली, कोवळ्या वयामुळे ती जन्मठेपेवर आली, आणि 1917 च्या क्रांतीने मॉस्कोच्या बुतीर्का तुरुंगातून सुटून गावी परतल्यावर त्याने जमीनदारांच्या जमिनी शेतकऱ्यांच्या हाती देण्याचे काम हाती घेतले. जमिनींबरोबर तबेल्यातल्या गाड्याही आल्या. या मंडळींच्या हातून रक्तपात झाला, अत्याचारही झाले, ते कोणी लपवू नये; पण त्यांच्या विचाराचे नाव ते नव्हे.

आता व्युत्पत्तीकडे येतो. 'ताच्का'वाल्यांचे म्हणणे मला कधीच पटलेले नाही. ताच्का म्हणजे माणसाने दोन्ही हातांनी ढकलायची, माती वाहायची गाडी. तिच्या नावाला एक प्रत्यय लावून जमीनदाराच्या स्प्रिंगांच्या गाडीचे नाव तयार झाले, हे म्हणजे घमेल्यावरून पालखीचे नाव पडले असे म्हणण्यासारखे आहे. दुसरा पक्ष सांगतो की मूळ शब्द 'तावरिचांका', म्हणजे ताव्रिया (क्रिमिया व त्याच्या उत्तरेचा मुलूख) प्रांताची गाडी, असा असावा. हा पक्ष निदान गाडीला शोभणारी व्युत्पत्ती देतो, परंतु शब्दाच्या ऐन पोटातले 'वरि' कोठे आणि का गळाले, हे त्याला सांगता येत नाही. ऐकायला बरे वाटते, एवढ्यावर व्युत्पत्ती ठरत नसते.

तिसरा पक्ष माझा आवडता आहे. आजच्या चेक प्रजासत्ताकात, मोराव्हियात, नोवी यिचिन नावाचे गाव आहे. त्याचे जर्मन नाव नॉयटिटशाइन. तेथील हलक्या घोडागाड्या एकोणिसाव्या शतकात इतक्या नावाजल्या की पोलिश लोक तशा गाडीला 'नायतिचांका' म्हणू लागले; पुढे युक्रेनियनमध्ये ती 'नेतिचांका' किंवा 'नातिचांका' झाली, आणि पहिले अक्षर झडून, ताच्काच्या सहवासाने 'ति'चा 'ता' होऊन, 'ताचांका', म्हणजे आपली तचांका, उरली. येथे ताच्काला मी तेवढी जागा देतो : ती या शब्दाची आई नव्हे, फार तर शेजारीण.

पहिले अक्षर का झडले, याविषयी माझा स्वतःचा एक तर्क आहे आणि तो तर्क म्हणूनच घ्यावा. युक्रेनियनमध्ये 'वर' या अर्थी 'ना' हे अव्यय नामाच्या आधी येते. 'नातिचांकेवर' असे म्हणायचे तर दोन 'ना' लागोपाठ येतात, आणि घाईच्या बोलण्यात त्यातला एक गळून 'ना' वेगळा आणि 'तिचांका' वेगळी, अशी चुकीची फोड ऐकणाऱ्याच्या कानात पक्की होते. असे घडल्याचे प्रसिद्ध उदाहरण आपल्या नारंगाचे आहे. नारंग अरबांकडून युरोपात गेले तेव्हा 'न' घेऊन गेले, आणि इटालियन व फ्रेंच बोलणाऱ्यांनी तो 'न' आधीच्या उपपदाचा समजून काढून घेतला, म्हणून इंग्रजीत आज ऑरेंज आहे. यातली गंमत अशी की जर्मन नावातला 'नॉय' म्हणजे नवा, आपल्या संस्कृत 'नव'चा सख्खा भाऊ. जुने यिचिन शेजारीच आहे, त्याच्यापासून वेगळे ओळखू यावे म्हणून हे नवे. म्हणजे युक्रेनपर्यंत पोचता पोचता गाडीच्या नावातले नवेपणच गळाले.

गावावरून गाडीला नाव पडणे यात नवल काहीच नाही. लँडो ही घोडागाडी जर्मनीतल्या लांडाउची. आणि आपण ज्याला कोचवान म्हणतो, त्याच्या नावातला 'कोच' हंगेरीतल्या कोच नावाच्या खेड्याचा आहे. तेथून तो जर्मन, फ्रेंच आणि इंग्रजी अशी घरे फिरत मराठीत आला आणि गाडीवानाच्या वळणावर त्याने 'वान' लावून घेतले. जो माणूस जन्मभर कोचवान म्हणतो त्याने तचांकेच्या मागे गाव असू शकेल याला हसू नये. नोवी यिचिनच्या जवळच कोप्रिव्हनित्से येथे 1850 मध्ये घोडागाड्यांचा जो कारखाना निघाला, त्याचीच पुढे टाट्रा ही ट्रक बनवणारी कंपनी झाली, आणि टाट्राचे अवजड ट्रक भारतीय लष्कराने वर्षानुवर्षे वापरले आहेत. त्यांच्या पाठीवर आज पिनाक अग्निबाणांच्या नळ्या असतात. गाडीवर शस्त्र चढवण्याची त्या परिसराच्या गाड्यांना सवयच दिसते.

तचांकेची कीर्ती झाली ती 1919 मध्ये. 26 सप्टेंबरला उमानजवळ पेरेगोनोव्का येथे कोंडीत सापडलेल्या माख्नोच्या सैन्याने बोल्शेविकविरोधी 'श्वेत' सेनापती डेनिकिनच्या फौजेला फोडले आणि पुढच्या काही आठवड्यांत गाड्यांवर बसलेल्या पायदळासह पूर्वेकडे धडक मारून मॉस्कोच्या रोखाने निघालेल्या डेनिकिनची पिछाडी उद्ध्वस्त केली. बोल्शेविकांच्या लाल सैन्यानेही तचांका वापरली, माख्नोशी दोनदा हातमिळवणी केली आणि डेनिकिननंतरचा श्वेत सेनापती रँगेल याचा क्रिमियात पराभव होताच नोव्हेंबर 1920 मध्ये माख्नोवरच हत्यार उचलले. ऑगस्ट 1921 मध्ये माख्नो रुमानियात निसटला आणि 1934 मध्ये पॅरिसमध्ये वारला. दक्षिण युक्रेनमधील कखोव्का येथे 1967 मध्ये तचांकेचे भव्य स्मारक उभारले गेले ते लाल घोडदळाच्या नावाने. गाडी ठेवून घेतली, गाडीवानाला हाकलले.

लिंगाचा प्रश्न राहिलाच. टांगा, छकडा, खटारा यांच्या रांगेत बसवून आपण हा आकारान्त शब्द सहज पुल्लिंगी करतो, म्हणून 'तचांक्यावर' तोंडात येते. परंतु मूळ शब्दातला '-आंका' हा स्त्रीलिंगी प्रत्यय आहे, आणि रशियनमधून आलेली पेरेस्त्रोइका (पुनर्रचना) आपण स्त्रीलिंगीच ठेवली आहे. तेव्हा सभा, भाषा यांप्रमाणे ती तचांका, चार तचांका, तचांकेवर, तचांकांवर असे चालवावे. उच्चाराचेही सांगून टाकतो : गाडीला चाके चार असली तरी तिच्यातला 'च' 'चार'मधला आहे, 'चाका'मधला नव्हे.