सेम्यॉन फुरमन यांनी कार्पोव्हला नेमकं काय शिकवलं?

प्रश्न असा आहे: सोव्हिएत बुद्धिबळपटू फुरमन स्वतः जगज्जेतेपदाच्या आसपासही पोहोचले नाहीत, मग पुढे जगज्जेता झालेल्या अनातोली कार्पोव्हच्या घडणीचं श्रेय प्रशिक्षक म्हणून त्यांना का देतात? आणि त्यांची पद्धत आज घरी बसून अभ्यासता येईल का?

आधी पहिल्या अर्ध्या भागातला गैरसमज काढू. फुरमन 'फक्त प्रशिक्षक' नव्हते. जन्म १ डिसेंबर १९२०, पिन्स्क. वाढले आणि खेळले लेनिनग्राडमध्ये. १९४८च्या सोव्हिएत अजिंक्यपद स्पर्धेत ब्रॉनस्टाइन आणि कोटोव्ह संयुक्त पहिले आले आणि त्यांच्या पाठोपाठ तिसरे फुरमन. त्या काळी सोव्हिएत अजिंक्यपदात तिसरं येणं म्हणजे काय, हे त्या स्पर्धांचे तक्ते पाहिलेल्याला सांगावं लागत नाही. ग्रँडमास्टर किताब मात्र थेट १९६६ साली मिळाला, वयाच्या पंचेचाळिशीत.

ते वर का गेले नाहीत, याचं उत्तर त्यांच्या डावांतच आहे. पांढऱ्या मोहऱ्या मिळाल्या की फुरमन जगज्जेत्यासारखे खेळतात, असं सोव्हिएत वर्तुळात गमतीनं म्हणत. वजिराच्या प्याद्यानं सुरुवात, ओपनिंगमधला (डावाच्या सुरुवातीच्या खेळ्यांमधला) खोल गृहपाठ, मग मिळालेली छोटीशी आघाडी शेवटपर्यंत पिळत राहणं. काळ्या मोहऱ्या आल्या की तोच माणूस साधा दिसे. अर्धे डाव काळ्यांकडूनच खेळायचे असतात, त्यामुळे लांब स्पर्धेत हा हिशेब जुळत नाही. पण हीच विषमता प्रशिक्षक म्हणून त्यांची पुंजी ठरली असं मला वाटतं. काळ्यांकडून बिनधोक खेळता येण्याची किंमत त्यांनी स्वतः मोजलेली होती.

कार्पोव्हच्या आधी त्यांनी मोठ्या लोकांबरोबर काम केलं होतं. १९६०-६१च्या सुमारास जगज्जेते म्हणून गाजलेले बोट्विनिक सरावाचे डाव खेळायला फुरमनना बोलवत. पुढे सोव्हिएत ग्रँडमास्टर कोर्चनॉयनाही त्यांनी मदत केली. म्हणजे १९७४ साली जगज्जेत्याचा आव्हानवीर ठरवणाऱ्या सामन्यात कोर्चनॉय आणि कार्पोव्ह आमनेसामने आले तेव्हा एकाचा जुना मदतनीस दुसऱ्याच्या बाजूला बसला होता. कोर्चनॉयना ते रुचणं शक्यच नव्हतं.

कार्पोव्हशी गाठ पडली ती सैन्याच्या क्रीडा संघामुळे, १९६८च्या अखेरीस. मुलगा सतरा वर्षांचा, अंगानं किरकोळ, पट पाहण्याची दृष्टी विलक्षण, पण ओपनिंगच्या अभ्यासाचा कंटाळा. त्याआधी बोट्विनिकच्या शाळेत त्याच्याबद्दल फारसं बरं मत झालं नव्हतं. या मुलाला या पेशात भवितव्य नाही असं बोट्विनिक म्हणाल्याचं सर्वश्रुत आहे. पहिलं लक्ष्य होतं १९६९ची स्टॉकहोममधली जागतिक ज्युनिअर स्पर्धा. कार्पोव्हनं अंतिम फेरीत ११ पैकी १० गुण घेतले. १९५५च्या स्पास्कीनंतर (तोही पुढे जगज्जेता झाला) हा किताब सोव्हिएत खेळाडूकडे पहिल्यांदाच आला. लगेच त्यानं मॉस्को विद्यापीठ सोडून लेनिनग्राड विद्यापीठ धरलं, कारण फुरमन लेनिनग्राडला राहत. पुढच्याच वर्षी तो ग्रँडमास्टर झाला.

आता मुद्द्याचं. फुरमन वजिराच्या प्याद्याचे, कार्पोव्ह राजाच्या प्याद्याचा. बहुतेक प्रशिक्षक अशा वेळी आपलं सामान शिष्याच्या डोक्यावर ठेवतात. फुरमननी ते केलं नाही. पांढऱ्यांकडून कार्पोव्हची मुख्य खेळी ई४च राहिली (ई हा स्तंभ, ४ ही रांग; म्हणजे राजाचं प्यादं दोन घरं पुढे). त्यांनी फक्त ती भक्कम केली: थोड्या ओपनिंग, पण अशा की त्यांतून निघणारा मध्यडाव कार्पोव्हच्या स्वभावाला मानवेल. उदाहरणार्थ फ्रेंच बचाव (ई४ला काळ्याचं ई६): त्याविरुद्ध घोडा डी२वर. गोंधळ कमी, राजा सुरक्षित, काळ्याकडे एकटं पडलेलं डी प्यादं, आणि मग त्या प्याद्याभोवती हळूहळू आवळायचं. काळ्यांकडून वजिराच्या प्याद्याविरुद्ध निम्झो-इंडियन आणि क्वीन्स इंडियन हे बचाव, आणि ई४ला थेट ई५. यातली एकही गोष्ट भडक नाही. काळ्यांकडून हरायचं नाही, हा पाया.

याची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. १९७४च्या कोर्चनॉय सामन्यात हा फ्रेंचविरुद्धचा घोडा डी२ पुन्हा पुन्हा पटावर आला आणि कार्पोव्हला त्यातला एकही डाव जिंकता आला नाही. कोर्चनॉय एकट्या प्याद्याचं ओझं वाहायला तयार होते आणि ते वाहणं त्यांना उत्तम जमत होतं. 'सुरक्षित फायदा' शोधणाऱ्या ओपनिंग-संचाची हीच मर्यादा आहे: समोरचा चिवट असेल तर बरोबरीच्या रांगा लागतात. त्या सामन्यात २४ पैकी १९ डाव बरोबरीत सुटले, आणि निकाल ३-२ असा कार्पोव्हच्या बाजूनं.

पण याच सामन्याचा दुसरा डाव काढा, म्हणजे या तयारीची दुसरी धार दिसेल. सिसिलियन ड्रॅगन (ई४ला सी५नं उत्तर देणारं तीक्ष्ण ओपनिंग), २७ खेळ्यांत पांढऱ्याचा विजय. अठराव्या खेळीनंतर पट असा: पांढरा वजीर एच६वर, काळ्याचा एफ६वरचा घोडा एच७ राखतोय, काळ्याचे दोन्ही हत्ती सी स्तंभावर आणि वजीर ए५वर, म्हणजे सारा रोख पांढऱ्याच्या सी३वरच्या घोड्यावर. तो घोडा राखण्यासाठी ई२वरचा दुसरा घोडा अडकून पडलाय. इथे कार्पोव्ह घरून आणलेली खेळी खेळतो: हत्ती डी३. दिसायला बचाव, पण हत्तीनं राखणीचं काम अंगावर घेतल्यामुळे ई२चा घोडा एफ४कडे जायला मोकळा झाला. मग जी५ प्यादं देऊन काळ्याचा हत्ती सी स्तंभावरून ओढून काढला, पाठोपाठ हत्ती डी५ आणि त्या चौकात अदलाबदल.

चोविसाव्या खेळीला बहुतेकांचा हात घोड्यानं एफ६वर मारायला जातो. तो मारला, काळ्यानं ई प्याद्यानं परत घेतला आणि पांढऱ्यानं घोडा एच५ केला, तर काळा वजीर जी५वर येऊन शह देतो, वजिरांची अदलाबदल होते आणि हल्ला संपतो. म्हणून आधी ई५! पाचवी रांगच बंद. काळ्यानं डी प्याद्यानं ई५ मारलं तर आता एफ६वर घोडा मारून मग घोडा एच५. काळ्यानं तो जी प्याद्यानं घेतला की हत्ती जी१, आणि मात टळत नाही. एका प्याद्यानं वजिराची वाट अडवली, इतकंच. कोर्चनॉयनी तीन खेळ्यांनंतर डाव सोडला.

हे तुम्ही घरी असं करून पाहा. पट मांडा, अठरावी खेळी झाली की थांबा, घड्याळात १५ मिनिटं लावा आणि पांढऱ्याचं कुठलं मोहरं कशाला बांधलंय हे आधी कागदावर लिहा. खेळी नंतर शोधा. मग चोविसाव्या खेळीला पुन्हा थांबून वजीर जी५चा शह स्वतः सापडतो का ते बघा. इंजिन (संगणकाचा बुद्धिबळ प्रोग्रॅम) शेवटी. आधीच लावलं तर हत्ती डी३ पहिल्या रांगेत झळकेल आणि ती का, हे कळणारच नाही.

त्याच वर्षी स्पास्कीविरुद्धचा नववा डावही सोबत घ्या. तिथे चोविसावी खेळी घोडा सी३वरून मागे बी१वर. मध्यडावात, पुढे सरसावलेल्या पांढऱ्याचा घोडा थेट मूळ घरी! कारण साधं आहे: सी प्याद्याला पुढे सरकायला वाट हवी आणि घोड्याला डी२ मार्गे राजाच्या बाजूला जायचंय. ३५ खेळ्यांत डाव संपला. फुरमनना प्रिय असलेली मोहरी-मांडणीची शिस्त ई४च्या खेळाडूत कशी उतरली, हे मला या एका खेळीत सर्वांत स्वच्छ दिसतं.

नवशिके इथे चुकतात ते असे. कार्पोव्हच्या ओपनिंग पाठ करतात, पण त्यांतून येणारा अंतडाव पाहतच नाहीत. तो संच अंतडावासाठीच बेतलेला आहे. एक ओपनिंग निवडा, त्यातले कार्पोव्हचे १९६९ ते १९७७ मधले दहा-बारा डाव घ्या, आणि प्रत्येकात वजीर पटावरून गेल्यानंतरची स्थिती वेगळी मांडून दोन्ही बाजूंनी खेळा. दुसरी चूक म्हणजे तुमचा स्वभाव हल्ल्याचा असताना हा संच अंगावर चढवणं. तसं केलं तर तुम्ही फुरमनच्या पद्धतीच्या नेमकं उलट करताय.

एक गोष्ट क्वचितच कोणी सांगतं: ते शिष्याबरोबर स्पर्धाही खेळत. माद्रिद १९७३ मध्ये कार्पोव्ह पहिला, फुरमन तिसरे. बाड लाउटरबेर्ग १९७७ मध्ये कार्पोव्ह जगज्जेता म्हणून पहिला आणि ५६ वर्षांचे, आजारी फुरमन पुन्हा तिसरे. रोज संध्याकाळी शिष्याला सल्ला देणारा माणूस दिवसा त्याच दालनात स्वतःचे पाच तास काढत होता.

१७ मार्च १९७८ रोजी कर्करोगानं ते गेले. चार महिन्यांनी फिलिपाइन्समधल्या बागियोत कोर्चनॉयविरुद्धचा जगज्जेतेपदाचा सामना सुरू झाला. सहा विजय आधी मिळवणारा जिंकणार होता. २७ डावांनंतर कार्पोव्ह ५-२ असा पुढे होता आणि तिथून त्यानं चार डावांत तीन गमावले. बत्तिसावा जिंकून तो सुटला. ती घसरण फुरमन नव्हते म्हणून झाली असं सरळ म्हणू नका. ताल, बालाशोव्ह आणि झायत्सेव्ह अशी तगडी फळी त्याच्यासोबत होती. पण २८, २९ आणि ३१ हे तीन डाव मांडून बघा.