हप्ता हलका, घर महाग

प्रश्न : ताई, बेसा भागात फ्लॅट घेतोय. ३० लाखांचं कर्ज, व्याज ८.५ टक्के. २० ऐवजी ३० वर्षांची मुदत घेतली तर हप्ता तीन हजारांनी कमी बसतो. घेऊ का?
– एक वाचक, नागपूर

उत्तर : नका घेऊ, भाऊ. २० वर्षांना हप्ता साधारण २६,०३५ रुपये, ३० वर्षांना २३,०६७. पण हाच दर राहिला तर एकूण व्याज साडेबत्तीस लाखांवरून ५३ लाखांवर जातं. महिन्याच्या तीन हजारांपायी वीस लाख!

मानेवाड्यातलं घर घेताना मीही फक्त हप्ताच पाहिला होता. वर्षभराने कर्जखात्याचा उतारा घेऊन ओट्यावर बसले, आणि मुद्दल जेमतेम हललेलं बघून पोटात गोळा आला. २० वर्षांच्या मुदतीतही तुमच्या पहिल्या हप्त्यातले २१,२५० रुपये व्याजातच जातील, मुद्दल फिटेल फक्त ४,७८५. म्हणून सुरुवातीच्या वर्षांत जादा भरलेला पैसा सगळ्यात कामी येतो. दिवाळीचा बोनस मुद्दलात टाका. फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जाला मुदतीआधी फेडल्याचा दंड नसतो. मात्र ‘हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा’ असं बँकेला लेखी द्या. दर वाढला की बँका बहुतेकदा मुदतच लांबवतात, तेव्हा दरवर्षी उतारा मागवाच.