बंड्या रोज जिंकत होता

"कुत्रा दिवसभर भुंकतो, सोसायटीनं नोटीस दिलीय. आता त्याला कुठेतरी सोडून यावं लागणार का हो?" असा फोन मला सारखा येतो. गेल्या पावसाळ्यात आला तो कोथरूडच्या एका काकूंचा.

नोटिशीचं आधी सांगून टाकते. पशू कल्याण मंडळाच्या २०१५च्या सूचनांनुसार बहुमतानं ठराव केला तरी सोसायटीला कुत्रा पाळण्यावर बंदी घालता येत नाही. पण म्हणून शेजाऱ्यांची झोप उडवायची मुभा मिळत नाही.

पहिल्या भेटीत मी तासभर नुसती बसून राहिले. बंड्या, चार वर्षांचा गावठी, सोफ्याच्या पाठीवर पुढचे पाय टाकून खिडकीत उभा. लिफ्टचं दार वाजलं की भुंकला, कुरियरवाला आला की भुंकला. काका आतून खेकसले, "ए, गप!" तर हा दुप्पट जोरात. त्याला वाटलं, चला, काकाही आले मदतीला!

त्याच्या बाजूनं हिशेब मांडून बघा. माणूस येतो, मी भुंकतो, माणूस निघून जातो. कुरियरवाला तसाही जाणारच होता, हे बंड्याला कोण सांगणार? भुंकल्याचं फळ रोखीत मिळत होतं.

कान वगैरे दुखत नाहीत ना, ते डॉक्टरांकडून तपासून घेतलं. सोफा हलवला, खिडकीच्या खालच्या काचेला दुधी कागद लावला. सकाळचं फिरणं लांबवलं आणि त्याला मनसोक्त हुंगू द्यायला सांगितलं. काका त्याला नुसते ओढत नेत होते. मग बेलचा आवाज मोबाइलवर रेकॉर्ड केला. अगदी हळू वाजवायचा आणि तो भुंकायच्या आत चटईवर चिकनचा तुकडा टाकायचा. भुंकलाच, तर आवाज आपण घाईनं वाढवला असं समजून पुन्हा कमी करायचा.

काकूंच्या भाच्यानं शॉक देणारा पट्टा सुचवला होता. मी साफ नाही म्हटलं. बेल वाजली की दुखतं, एवढंच कुत्रा त्यातून शिकतो, आणि मग दारातल्या माणसावर धावूनही जाऊ शकतो.

घोळ निघाला तो वेगळाच. कामाच्या मावशी तो भुंकला की "गप रे बाळा" म्हणत बिस्किट द्यायच्या. बिस्किट बंद केलं, तर चार दिवस बंड्यानं घर डोक्यावर घेतलं. काकू फोनवर रडकुंडीला आल्या. मी म्हटलं, "काकू, आत्ता दिलंत तर 'आणखी जोरात भुंकलं की मिळतं' हे तो पक्कं शिकेल." त्यांनी दात-ओठ खाऊन तग धरला. पाचव्या दिवसापासून उतार पडला.

दोन महिन्यांनी मी बेल वाजवली. आतून दोनदा भुंकणं, मग फरशीवर नखांची टकटक, मग शांतता. दार मात्र उघडेना. आतून काकांचा आवाज आला, "अगं, चिकनचा डबा कुठे ठेवलास? हा केव्हाचा चटईवर बसलाय!"